मॉड घातलेला माइनक्राफ्ट सर्व्हर वारंवार क्रॅश होतो? या चुका टाळा

आमच्या सर्व्हरवर परभणी, नांदेड, लातूर आणि छत्रपती संभाजीनगर येथील अकरा मुले-मुली खेळतात. सर्व्हर म्हणजे परभणीतल्या घरी जिन्याखालच्या टेबलावर ठेवलेला जुना डेस्कटॉप असून त्यावर माइनक्राफ्ट या ठोकळ्यांचे जग उभारण्याच्या गेमची १.२०.१ ही जावा आवृत्ती, मॉड चालवणारे फोर्ज आणि सुमारे १२० मॉड, म्हणजे गेममध्ये नव्या गोष्टी घालणाऱ्या जोडफाइली, चालतात. दिवाळीच्या सुट्टीपासून या मंडळींनी त्या जगात देवगिरीचा किल्ला उभारायला घेतला आहे. तटबंदी आणि खंदक पूर्ण झाले आहेत, चांद मिनार निम्मा झाला आहे आणि अंधारीचा भुयारी मार्ग कसा वळवायचा यावर अजून वाद चालू आहे. एप्रिलमधल्या एका रात्री हा सर्व्हर बंद पडला आणि पुन्हा सुरू केल्यावर मिनिटभरात परत पडला. किल्ला वाचला. मात्र त्याआधीच्या वर्षी अशाच प्रसंगी आम्ही एक संपूर्ण जग गमावले होते, आणि ते क्रॅशने गेले नव्हते; क्रॅश झाल्यावर घाबरून आम्ही जे उपाय केले, त्यांनी ते घालवले. म्हणून या लेखात क्रॅशच्या कारणांइतकेच त्यानंतरच्या घाईविषयी लिहिले आहे.

नेमके काय बंद पडले, हे न पाहणे

"दादा, सर्व्हर गेला" असा फोन आला की मी आधी एकच प्रश्न विचारतो: बाकीचे आत आहेत का? सगळे एकदम बाहेर फेकले गेले असतील, तर दोष सर्व्हरकडे शोधावा. एकाच खेळाडूचा गेम खिडकीसकट बंद झाला असेल, तर त्याच्या संगणकावर शोधावा. गेम चालू आहे, पण 'टाइम्ड आउट' असा संदेश देऊन तो मुख्य पडद्यावर परत आला असेल, तर तो बहुधा क्रॅशच नसतो. सुमारे तीस सेकंद सर्व्हर आणि खेळाडू यांच्यात निरोपाची देवाणघेवाण झाली नाही की जोडणी तुटते, आणि मोबाइलच्या हॉटस्पॉटवरून खेळणाऱ्यांना हे वारंवार अनुभवास येते. तिथे मॉड काढून काहीही साध्य होत नाही.

रिपोर्ट न वाचता हात लावणे

ही सर्वांत महागात पडणारी चूक आहे. गेम कोसळताना बहुतेक वेळा 'क्रॅश-रिपोर्ट्स' या फोल्डरमध्ये तारीख आणि वेळ नावात असलेली एक मजकूर फाइल लिहून ठेवतो. ती नसेल, तर 'लॉग्ज' फोल्डरमधील 'लेटेस्ट' नावाचा लॉग, म्हणजे घडामोडींची नोंद, पाहावा. सर्व्हर पुन्हा सुरू केला की हा लॉग नव्याने लिहिला जाऊ लागतो आणि जुना संकुचित होऊन तारखेच्या नावाने बाजूला जातो, त्यामुळे आधी त्याची प्रत काढून ठेवलेली बरी. रिपोर्टच्या आरंभी विकसकांनी गंमत म्हणून घातलेले एक वाक्य असते. त्याचा बिघाडाशी काहीही संबंध नसतो आणि त्याचा अर्थ शोधत बसू नये.

वाचायचे असते ते त्याखालचे 'डिस्क्रिप्शन', आणि नंतर 'कॉज्ड बाय' या शब्दांनी सुरू होणाऱ्या ओळी. अशा ओळी एकापेक्षा जास्त असतील, तर मूळ कारण सर्वांत शेवटच्या ओळीत असते, कारण जावा, म्हणजे ज्यावर हा गेम चालतो ते सॉफ्टवेअर, वरवरच्या चुकीपासून सुरुवात करून तिच्या तळाशी असलेल्या चुकीपर्यंत उतरत जाते. बहुतेक जण पहिल्या दोन ओळी वाचून थांबतात आणि तिथे ज्या मॉडचे नाव दिसते त्याला दोषी ठरवतात. 'नो सच मेथड' किंवा 'नो क्लास डेफ फाउंड' अशी चूक दिसली, तर एखादा मॉड दुसऱ्या मॉडकडे अशी गोष्ट मागतो आहे जी त्याच्या या आवृत्तीत नाही, किंवा आवश्यक असलेला लायब्ररी मॉड, म्हणजे इतर मॉडना लागणारा सामायिक कोड पुरवणारा मॉडच, टाकलेला नाही. अशा वेळी ज्याचे नाव ओरडून सांगितले जाते तो मॉड निर्दोष असू शकतो. आवृत्ती जुळवली की दोघेही नीट चालतात.

रिपोर्ट मुळीच तयार झाला नाही आणि गेमच्या मुख्य फोल्डरमध्ये 'एचएस-ईआरआर-पीआयडी' अशा नावाने सुरू होणारी फाइल मिळाली, तर जावाचे यंत्रच कोसळले आहे. त्या फाइलमध्ये ग्राफिक्स ड्रायव्हरच्या फाइलचे नाव असेल, तर मॉड चाळण्याआधी ड्रायव्हर अद्ययावत करावा, आणि लॅपटॉपमध्ये दोन ग्राफिक्स असतील तर गेम कोणत्या ग्राफिक्सवर चालतो आहे हेही तपासावे.

त्या एप्रिलच्या रात्री रिपोर्टमध्ये 'टिकिंग एन्टिटी' असे लिहिलेले होते. माइनक्राफ्टचा सर्व्हर सेकंदाला वीस वेळा, म्हणजे दर ५० मिलिसेकंदांनी, जगातल्या हलत्या सजीव-निर्जीव वस्तूंचा, म्हणजे एन्टिटींचा, हिशेब करतो, आणि अशा एका फेरीला टिक म्हणतात; त्यातल्या एका वस्तूच्या हिशेबात अशी चूक झाली की सगळा सर्व्हर थांबतो, आणि ती वस्तू जगात तशीच असल्याने तो भाग लोड होताच तीच चूक पुन्हा होते. सुदैवाने रिपोर्ट त्या वस्तूचा प्रकार आणि तिचे ठिकाण दोन्ही सांगतो. आमच्या बाबतीत तो एका मॉडमधला जलचर होता, आणि ठिकाण होते एक्स १३००, झेड उणे ७०० (जमिनीवरचे दोन अक्ष). ती जागा खंदकात होती, आणि दोन खेळाडू त्याच तटावर लॉगआउट झाले असल्याने ते आत आले की सर्व्हर पडत होता.

इथे जगाची रचना ठाऊक असणे कामास येते. जग एकाच फाइलमध्ये साठवलेले नसते. १६ बाय १६ ठोकळ्यांचा एक चंक आणि ३२ बाय ३२ चंकांची एक रीजन फाइल, म्हणजे प्रत्येक फाइलमध्ये ५१२ बाय ५१२ ठोकळ्यांचा प्रदेश असतो. तेव्हा १३०० ला ५१२ ने भागून खालच्या पूर्णांकावर आणले की २ येतात, आणि उणे ७०० ला भागून खालच्या पूर्णांकावर आणले की उणे २. उण्या संख्येत 'खालचा' म्हणजे उणे १ नसून उणे २, हे विसरल्यामुळे मी पहिल्यांदा शेजारची फाइल उघडून बसलो होतो. १.१७ या आवृत्तीपासून प्राणी आणि तत्सम वस्तू 'एन्टिटीज' या वेगळ्या फोल्डरमध्ये साठवल्या जातात. सर्व्हर बंद ठेवून आम्ही त्या फोल्डरमधली याच दोन आकड्यांच्या नावाची 'आर, २, उणे २' एवढी एकच फाइल आदल्या दिवशीच्या बॅकअपमधून परत आणली. तटबंदीचे ठोकळे 'रीजन' फोल्डरमध्ये असल्याने त्यांना धक्का लागला नाही. त्या दिवशी लावलेल्या काही चौकटी आणि पाळलेली दोन गुरे तेवढी गेली.

बॅकअप नसता, तर फोर्जच्या सेटिंगमध्ये चुकीच्या एन्टिटी आपोआप काढून टाकण्याचा 'रिमूव्ह एररिंग एन्टिटीज' हा पर्याय असतो, तो तात्पुरता 'ट्रू' करता आला असता. काम झाल्यावर तो आणि ठोकळ्यांसाठीचा तसाच दुसरा पर्याय परत 'फॉल्स' करणे आवश्यक आहे, कारण तो दुसरा चालू राहिला, तर एखाद्या किरकोळ चुकीपायी सामानाने भरलेली यंत्रे आणि पेट्याही निमूटपणे नाहीशा होऊ शकतात.

चालू जगातून मॉड काढून पाहणे

आमचे पहिले जग असे गेले. संशयित मॉड एकेक करून काढायचा आणि सर्व्हर सुरू करून पाहायचा, ही पद्धत दिसायला तर्कशुद्ध आहे. पण मॉड काढला की त्याने आणलेले ठोकळे आणि वस्तू सर्व्हरला अनोळखी होतात, तो तशी सूचना देऊन पुढे जायचे का असे विचारतो, आपण होकार देतो, आणि ते चंक लोड होऊन पुन्हा सेव्ह झाले की ती सामग्री कायमची पुसली जाते. नंतर तोच मॉड परत टाकला तरी ती येत नाही. आम्ही सात मॉड काढून परत टाकले होते, आणि शेवटी क्रॅश थांबला तेव्हा कोठारांच्या जागी रिकाम्या खोल्या उरल्या होत्या.

म्हणून शोध नेहमी प्रतीवर घ्यावा. जगाचे संपूर्ण फोल्डर दुसरीकडे नकलावे आणि खेळ तिथे मोडू द्यावा. मॉडही एकेक न काढता निम्मे काढावेत: क्रॅश थांबला तर दोषी बाहेरच्या निम्म्यात आहे, न थांबल्यास आतल्या निम्म्यात. या रीतीने १२० मॉडमधला एक सात फेऱ्यांत हाती लागतो. लायब्ररी मॉड आणि त्यावर अवलंबून असलेले मॉड एकाच गटात ठेवावेत, नाहीतर प्रत्येक फेरीत नवीच चूक दिसते आणि शोध भरकटतो.

बॅकअप सर्व्हर चालू असताना घ्यायचा असेल, तर आधी 'सेव्ह-ऑफ' आणि 'सेव्ह-ऑल' या आज्ञा देऊन नक्कल पूर्ण झाल्यावर 'सेव्ह-ऑन' द्यावी; अर्धवट लिहिल्या जात असलेल्या फाइलची प्रत ऐन वेळी उघडत नाही.

जावा आणि रॅम यांविषयीचे गैरसमज

'जावा नवीनच असावी' हा सल्ला मॉडच्या बाबतीत चुकीचा ठरतो. १.१६.५ पर्यंतच्या आवृत्त्यांना जावा ८ लागते, १.१७ ला जावा १६, १.१८ पासून १.२०.४ पर्यंत जावा १७ आणि १.२०.५ पासून १.२१ मालिकेपर्यंत जावा २१. जुन्या लॅपटॉपवर ३२ बिटची जावा असेल, तर दीड जीबीच्या आसपासच मर्यादा संपते आणि मोठा मॉडपॅक (मॉडचा तयार संच) सुरूच होत नाही.

'आउट ऑफ मेमरी' हा संदेश दिसला की 'एक्सएमएक्स' या, गेमला किती रॅम द्यायची ते सांगणाऱ्या सेटिंगपुढचा आकडा वाढवायचा, हे बरोबर आहे, पण प्रमाणात. आठ जीबीच्या यंत्रावर गेमला सात जीबी दिली, तर विंडोजला श्वास घ्यायला जागा उरत नाही, हार्ड डिस्कचा आधार घेतला जातो आणि सर्व्हर इतका मंदावतो की एका टिकला ६० सेकंद लागले म्हणून त्याचा पहारेकरीच त्याला बंद करतो. 'मॅक्स-टिक-टाइम'ची ही मर्यादा उणे १ लिहून काढून टाकावी असे अनेक जण सुचवतात. त्याने सर्व्हर बंद होणे थांबते, पण तो अडकलेलाच राहतो आणि रिपोर्टही मिळत नाही. आमच्या १२० मॉडना पाच जीबी पुरली. जास्त रॅम दिल्याने मेमरीतला निरुपयोगी कचरा साफ करण्याचे जावाचे थांबे लांबू शकतात, हेही ध्यानात असू द्यावे.

सर्व्हरचा आणि खेळाडूंचा संच वेगळा असणे

एकाने एखादा मॉड परस्पर अद्ययावत केला की त्याला आत घेतले जात नाही किंवा आत येताच गेम पडतो. उलट, ग्राफिक्स सुधारणारे आणि केवळ पडद्याशी संबंधित मॉड सर्व्हरवर टाकले, तर सर्व्हर सुरू होतानाच 'इनव्हॅलिड डिस्ट' असे सांगून थांबू शकतो, कारण ते पडद्याचा कोड मागतात आणि सर्व्हरला पडदाच नसतो. एकाच मॉडच्या दोन आवृत्त्या फोल्डरमध्ये राहणे हीसुद्धा नेहमीची चूक आहे. आम्ही संपूर्ण संच एका झिप फाइलमध्ये बांधून तिच्या नावात तारीख लिहितो आणि सगळ्यांनी तीच वापरायची असा नियम केला आहे.

मॉड कुणी ग्रुपवर टाकलेल्या फाइलमधून घेऊ नयेत. जून २०२३ मध्ये 'फ्रॅक्चरायझर' हे घातक सॉफ्टवेअर कर्सफोर्जसारख्या मॉड देणाऱ्या प्रस्थापित संकेतस्थळावरच्या काही मॉडमध्येही शिरले होते. मग हातोहात फिरलेल्या फाइलची खात्री कोण देणार? मदतीसाठी लॉग कुठे देतानाही त्यातले आयपी पत्ते पुसून द्यावेत, आणि फोनने काढलेला पडद्याचा तिरका फोटो न देता पूर्ण मजकूर द्यावा, कारण कामाची ओळ नेमकी फोटोच्या बाहेर राहते.

उन्हाळा आणि वीज

रिपोर्ट नाही, लॉग मध्येच तुटलेला आहे आणि संपूर्ण संगणकच बंद झाला, तर मॉडला दोष देण्याआधी कॅबिनेट उघडावे. परभणी-नांदेडकडे एप्रिल-मे महिन्यांत पारा ४२ अंशांच्या वर जातो, आणि जिन्याखाली हवा खेळत नाही. आमच्या प्रोसेसरच्या पंख्याखाली धुळीचा नमद्यासारखा थर बसला होता. तो ब्रशने काढल्यावर दुपारचे अचानक बंद पडणे थांबले.

भर खेळात वीज गेली, तर त्या क्षणी लिहिली जात असलेली फाइल अर्धी राहू शकते. जग उघडेनासे झाले, तर जगाच्या फोल्डरमधील 'लेव्हल डॉट डॅट' बिघडली आहे का पाहावे. तिच्याशेजारी 'ओल्ड' जोडलेली मागची प्रत असते, तिचे नाव बदलून ती वापरता येते. इन्व्हर्टर असला तरी वीज बदलण्याच्या क्षणी डेस्कटॉप पुन्हा सुरू होऊ शकतो, म्हणून छोटा यूपीएस घ्यावा, आणि तो मिळवून देतो त्या दहा मिनिटांचा उपयोग खेळ पुढे चालू ठेवण्यासाठी न करता सर्व्हर रीतसर बंद करण्यासाठी करावा. सर्व्हरची काळी खिडकी फुलीवर क्लिक करून बंद करू नये. तिच्यात 'स्टॉप' असे टाइप करावे, आणि 'ऑल डायमेन्शन्स आर सेव्ह्ड' ही ओळ उमटून खिडकी आपण होऊन मिटेपर्यंत बटणाला हात लावू नये.