काल्पनिक विश्वासाठी ध्यानपद्धती कशी रचावी

कल्पित विश्वातील कथांमध्ये ध्यान बहुधा शेवटाकडून सुरू होते. पात्र डोळे मिटते, कपाळावर प्रकाश उमटतो आणि पुढच्याच परिच्छेदात त्याला शत्रूचा तळ दिसू लागतो. मधला अर्धा तास लेखकाने गाळलेला असतो आणि वाचक अडखळतो तो तिथेच. म्हणून साक्षात्काराचा विचार बाजूला ठेवून आधी शरीर कुठे, कसे आणि किती वेळ बसते, हे ठरवावे.

आपल्या परंपरेत याचे उत्तम नमुने आहेत. गीतेचा सहावा अध्याय मन एकाग्र करण्यास सांगण्यापूर्वी आसनाची चर्चा करतो: ते फार उंच नसावे, फार सखलही नसावे आणि त्यावर दर्भ, मृगाजिन व वस्त्र अंथरलेले असावे. हठयोगातील त्राटकात सूक्ष्म लक्ष्यावर पापणी न लववता, डोळ्यांत पाणी येईपर्यंत दृष्टी खिळवायची असते. अजपाजपात, म्हणजे श्वासालाच जप मानणाऱ्या साधनेत, अहोरात्रातील श्वास २१,६०० मानले आहेत, म्हणजे मिनिटाला १५. गूढ अनुभवाच्या भोवती अशी मोजता येणारी, हाताला लागणारी सामग्री असली की गूढतेला आपोआप वजन येते. मात्र हीच सामग्री उचलून कल्पित ग्रहावर नेऊन ठेवू नये, कारण तिथे दर्भ का उगवावा, या प्रश्नाला उत्तर नसते.

त्यानंतर त्या लोकांना ध्यानाची गरज का पडली, हे शोधावे. उदाहरणादाखल दोन चंद्र असलेला एक ग्रह घेऊ आणि त्याच्या किनाऱ्यावर मीठ पिकवणारी वस्ती वसवू. पृथ्वीवर भरती रोज सुमारे ५० मिनिटे उशिरा येते, अमावास्या-पौर्णिमेच्या सुमारास उधाण असते आणि अष्टमीच्या सुमारास भांग, म्हणजे कमी चढणारी भरती, त्यामुळे कोकणातला मच्छीमार तिथीवरून पाण्याचा अंदाज बांधतो. दोन चंद्रांची गती वेगवेगळी असेल, तर हे गणित गणिती साधनांवाचून सुटणार नाही आणि एक चुकलेले उधाण महिनाभराचे मीठ विरघळवून नेईल. अशा वस्तीत येणारे पाणी आधी ऐकू येणारी माणसे असणे ही चैन राहत नाही, उपजीविकेची निकड होते. या साधनेला आपण ‘जलश्रवण’ म्हणू.

आता तिची कृती शिकवणाऱ्याच्या तोंडी शोभेल अशी लिहावी. साधकाने ओहोटी लागल्यावर मिठाच्या रिकाम्या वाफ्यात, बांधाला पाठ न टेकता बसावे. तळवे ओल्या चिखलावर पालथे ठेवावेत आणि बोटांच्या बेचक्यांत मिठाचे खडे धरावेत. श्वास मोजू नये, फक्त सोडताना जिभेचे टोक खालच्या दातांना लागलेले असावे. भरतीचे पाणी प्रथम घोट्यांना लागते तेव्हा बहुतेक नवखे दचकून श्वास रोखतात, म्हणून त्या क्षणी उच्छ्वास लांबवण्याचा सराव कोरड्या जमिनीवर आधी करून घ्यावा. खडे विरघळून बोटे एकमेकांना टेकली की उठावे, मग काही ऐकू आलेले असो वा नसो. वेळ मोजण्याचे साधन साधनेतच दडलेले असले की कथेला वेगळे घड्याळ लागत नाही. तळाला भोक असलेले, पाण्यावर ठेवलेले घटिकापात्र बुडाले की २४ मिनिटे झाली, असे आपल्याकडे मानत, तोच हा न्याय.

सर्वांत जास्त वेळ अपयशाला द्यावा. पतंजलींनी योगसूत्रांत नऊ अंतराय, म्हणजे साधनेतले अडथळे, सांगितले आहेत. त्यांत आळस आणि संशयाबरोबर भ्रांतिदर्शनही, म्हणजे नसलेले दिसणेही आहे, आणि कथेच्या दृष्टीने माझ्या मते तेच सर्वांत कामाचे. आपल्या साधकाला खोटे पाणी ऐकू आले, वस्तीने त्याच्या शब्दावर पिकत आलेले मीठ घाईने खरवडून काढले आणि समुद्र आलाच नाही, तर पुढच्या वेळी त्याचे कोण ऐकणार? यशालाही किंमत असावी आणि ती त्याच कामाशी जुळणारी असावी. जलश्रवण साधले की तीन दिवस जिभेला खारटपणा कळत नाही, असे ठरवले, तर मिठाची प्रत चाखून ठरवणारा कारागीर त्या तीन दिवसांत निरुपयोगी होतो आणि घरातली माणसे त्याने कालवलेली पेज निमूटपणे बाजूला सारतात. डोकेदुखी किंवा नाकातून रक्त येणे ही किंमत कुठल्याही कथेत चालते, म्हणूनच ती टाळावी.

पंथ, उपपंथ, त्यांचे झेंडे आणि वंशावळी यांवर दोन-चार ओळींपेक्षा अधिक खर्चू नये. बांधाला पाठ टेकावी की नाही, एवढ्यावरून दोन वस्त्यांचे बोलणे बंद असले, तरी पुरते.

संपूर्ण कृती कथेत एकदाच द्यावी आणि तीही शिकाऊ पात्राला ती जमत नसताना, कारण प्रत्येक पायरीचे स्पष्टीकरण त्याच वेळी स्वाभाविक ठरते. पुढे चिखलावर पालथे पडलेले तळवे एवढाच उल्लेख केला, तरी उरलेले वाचक स्वतः भरून घेतो.