घरच्या घरी लिंबाचा गोड आइस टी

कोऱ्या चहात लिंबू पिळून पिण्याची सवय आपल्याकडे अनेक घरांत आहे, त्यामुळे तोच चहा गार केला आणि त्यात बर्फ टाकला की आइस टी झाला, असे वाटणे साहजिक आहे. प्रत्यक्षात असा चहा पहिल्या घोटाला कडसर लागतो, पेला निम्मा होईपर्यंत पाणचट होतो आणि दिसायलाही गढूळ असतो. या तीनही दोषांचे मूळ आपल्या दुधाच्या चहाच्या सवयीत आहे. दुधाचा चहा आपण खळखळून उकळतो, कारण त्याचा तुरटपणा दूध झाकून घेते. येथे दूध नसते. त्याच वेळी थंड पेयात जिभेला गोडी कमी जाणवते, तर उकळून उतरलेला तुरटपणा जसाच्या तसा राहतो. म्हणून हा चहा उकळायचा नसतो, मुरवायचा असतो, आणि त्यात पाणी किती घालायचे हे बर्फ धरून ठरवायचे असते.

पाच पेल्यांसाठी पुढील प्रमाण घ्यावे: चहा मुरवण्यासाठी 550 मि.ली. पाणी, नंतर घालण्यासाठी 250 मि.ली. साधे पिण्याचे पाणी, 12 ग्रॅम पत्तीचा चहा, 90 ग्रॅम साखर, म्हणजे मापाचे सुमारे सात सपाट मोठे चमचे, मध्यम आकाराची तीन रसदार कागदी लिंबे आणि चिमूटभर मीठ. बर्फ प्रत्येक पेल्यात चार ते पाच खडे लागेल. घरात वजनकाटा नसेल तर डिप चहाच्या सहा पिशव्या वापराव्यात. बहुतेक पिशव्यांत दोन ग्रॅम चहा असतो, त्यामुळे हिशेब आपोआप जुळतो.

चहा कोणता घ्यावा, यावर थोडे थांबायला हवे. आपल्या रोजच्या डब्यातील दाणेदार चहा हा सीटीसी पद्धतीचा असतो. त्यात पान चिरडून, फाडून आणि वळवून त्याचे बारीक दाणे केलेले असतात, म्हणून त्याचा रंग आणि कडकपणा एक-दोन मिनिटांतच पाण्यात उतरतो. दुधाच्या चहासाठी हा गुण आहे, आइस टीसाठी मात्र तो सांभाळावा लागतो. शक्य असेल तर अखंड किंवा मोठ्या पानांचा चहा घ्यावा. त्यातही निलगिरीचा चहा या कामासाठी विशेष चांगला समजला जातो, कारण तो गार झाल्यावरही बराचसा नितळ राहतो. आसामच्या चहाला रंग आणि जोर भरपूर असतो, पण तो लवकर गढूळ होतो. दार्जिलिंगचा नाजूक सुगंध इतक्या साखरेत आणि लिंबात हरवून जातो, तेव्हा तो महागाचा चहा गरमच प्यावा. घरात दाणेदार चहाच असेल तरी अडत नाही. तो फक्त सात ग्रॅम घ्यावा आणि दोन मिनिटांत गाळून टाकावा.

स्टीलच्या पातेल्यात 550 मि.ली. पाणी उकळून गॅस बंद करावा, उकळी बसली की चहाची पत्ती घालून झाकण ठेवावे आणि घड्याळ लावून चार मिनिटे थांबावे. या वेळात पत्ती ढवळू नये, आणि गाळताना ती चमच्याने दाबून पिळूही नये, कारण शेवटच्या त्या दोन-चार चमच्यांत सर्वांत जास्त कडवटपणा असतो. पत्ती थोडे पाणी शोषून घेते, त्यामुळे गाळल्यावर साधारण अर्धा लिटर चहा हाती लागतो. चहा फिका वाटला म्हणून पाच-सहा मिनिटे जास्त ठेवण्याचा मोह होतो, तो टाळावा. जोर हवा असेल तर पत्ती वाढवावी, वेळ वाढवू नये. लिंबाचा रस पडणार असल्याने भांडे ॲल्युमिनियमचे किंवा कल्हई नसलेल्या पितळेचे नसावे, आणि लोखंडाचे तर मुळीच नसावे, कारण चहातील तुरट द्रव्ये लोखंडाशी मिळून काळसर होतात.

साखर गाळलेल्या गरम चहातच घालावी. गार पाण्यात ती सावकाश विरघळते आणि बर्फाच्या पेल्यात तर तळाशी बसून राहते. मग वरचा चहा आंबट आणि शेवटचा घोट पाकासारखा लागतो. गरम असताना चाखून पाहिल्यास हा चहा हमखास जास्त गोड वाटेल, पण तसाच वाटायला हवा. साखरेबरोबरच मीठही घालावे. लिंबू सरबतात आपण चिमूटभर मीठ घालतो ते ज्या कारणासाठी, त्याच कारणासाठी ते येथेही हवे: मिठाने कडसरपणा दबतो आणि गोडी उठून येते. गूळ घातल्यास चहाला गुळाचीच चव येते आणि रंगही मातकट होतो, म्हणून या पेयात मी तो वापरत नाही.

अमेरिकेच्या दक्षिणेकडील राज्यांत गोड गार चहा हे घरोघरचे पेय आहे. 1904 च्या सेंट लुईस येथील जागतिक प्रदर्शनात उकाड्यामुळे गरम चहा खपेना, म्हणून त्यात बर्फ घालण्यात आला आणि आइस टी जन्मला, अशी कथा नेहमी सांगितली जाते. परंतु त्याच्या पंचवीस वर्षे आधी, 1879 मध्ये, व्हर्जिनियातील पाककृतींच्या एका पुस्तकात तो छापलेला आहे. त्या भागातील अनेक गृहिणी पातेल्यात चिमूटभर खाण्याचा सोडा टाकतात. सोड्याने तुरटपणा सौम्य होतो आणि रंग गडद होतो. लिंबाच्या चहात मात्र हा उपाय फारसा कामाचा नाही, कारण लिंबाचा आंबटपणा आणि सोडा एकमेकांना मारतात.

आता गार करण्याचा मुद्दा. बर्फ वितळताना किती उष्णता शोषतो, हे शाळेतील गणित येथे उपयोगी पडते. 90 अंशांचा अर्धा लिटर चहा थेट बर्फावर ओतून 5 अंशांपर्यंत आणायचा असेल, तर जवळजवळ अर्धा किलो बर्फ वितळावा लागतो. तोच चहा आधी 30 अंशांपर्यंत निववला, तर दीडशे ग्रॅम बर्फात काम होते. पाहुणे दारात उभे असतील तर पहिला मार्ग घ्यावा, पण मग वरचे 250 मि.ली. पाणी अजिबात घालू नये, कारण ते पाणी बर्फाच्या रूपाने आधीच आलेले असते. सवड असेल तर दुसरा मार्ग चांगला: गोड चहात साधे पाणी मिसळून तो ओट्यावर तास-दीड तास झाकून ठेवावा आणि खोलीच्या तापमानाला आला की मगच फ्रिजमध्ये ठेवावा.

गरम चहा थेट फ्रिजमध्ये ढकलला की तो बहुधा गढूळ होतो. चहातील रंगद्रव्ये आणि कॅफीन गरम पाण्यात विरघळलेली असतात. पाणी गार झाले की ती एकत्र येऊन त्यांची साय धरल्यासारखी पांढुरकी झाक पसरते. पाणी जड असेल तर हे अधिक होते, म्हणून बोअरवेलच्या पाण्याऐवजी गाळलेले पाणी वापरावे. चहा बिघडला असा याचा अर्थ नाही. अर्धी वाटी उकळते पाणी घालून ढवळल्यास तो पुष्कळदा पुन्हा नितळ होतो.

लिंबू शेवटी. गरम चहात रस पिळल्यास त्याचा ताजा वास वाफेबरोबर निघून जातो आणि शिजलेल्या लिंबाची चव मागे राहते. चहा पूर्ण निवल्यावर सुमारे 50 मि.ली. रस गाळून घालावा. रस पडताच चहाचा गडद तांबूस रंग उजळून सोनेरी होतो. चहातील रंगद्रव्ये आंबट द्रावणात फिकट होतात, त्यामुळे चहा पातळ झाला असे समजून घाबरू नये. लिंबे पातळ सालीची, गुळगुळीत आणि हाताला जड लागणारी निवडावीत. उन्हाळ्यात ती महाग असतातच, शिवाय पुष्कळदा कोरडी निघतात, तेव्हा तीनऐवजी चार-पाच लागतील असे धरून चालावे. चिरण्यापूर्वी लिंबू ओट्यावर तळहाताखाली दाबून फिरवावे आणि पिळताना बी चिरडू देऊ नये. परदेशातील वाचकांना बाजारात पिवळे मोठे लिंबू मिळते. त्याचा वास कागदी लिंबापेक्षा सौम्य असतो, तरी चहाशी त्याचेही चांगले जमते.

लिंबाचा खरा सुगंध रसात कमी आणि सालीत जास्त असतो, हे आपण सरबत करताना विसरतो. पिळण्याआधी एका लिंबाची हिरवी-पिवळी साल बारीक किसणीवर हलक्या हाताने किसून ती साखरेत चोळावी आणि दहा मिनिटे ठेवावी. सालीतील तेल साखर ओढून घेते, साखर ओलसर आणि सुवासिक होते, आणि ही साखर गरम चहात घालून तो पुन्हा एकदा गाळला की बाटलीतल्या इसेन्सची गरज उरत नाही. सालीखालचा पांढरा भाग मात्र किसला जाऊ देऊ नये, तो कडू असतो. लिंबाच्या चकत्या रात्रभर चहात ठेवल्या तरी असाच कडूपणा उतरतो, म्हणून त्या फक्त वाढताना पेल्यात घालाव्यात.

वेगळा स्वाद हवा असेल तर पत्तीबरोबर गवती चहाची तीन-चार पाने कात्रीने कापून घालावीत. दुधाच्या चहात तो आपल्या परिचयाचाच आहे आणि लिंबाशी त्याचे नाते इतके जवळचे आहे की लिंबू थोडे कमी पडले तरी चालते. आले किसून घातल्यास घशाला छान झणका येतो. पुदिना चुरगळू नये, टाळी वाजवल्यासारखा तळहातांत दाबून पेल्यात टाकावा. वेलदोडा सरबतात शोभतो, येथे तो चहाच्या वासावर कुरघोडी करतो.

उन्हाच्या दिवसांत ओटा तापवायचा नसेल, तर 12 ग्रॅम पत्ती 850 मि.ली. गार पाण्यात घालून फ्रिजमध्ये आठ ते दहा तास ठेवावी आणि गाळावी. असा चहा तुरट होत नाही, गढूळही होत नाही. यात साखर विरघळणार नाही, म्हणून साखर आणि पाणी समप्रमाणात घेऊन, साखर विरघळेपर्यंतच तापवून केलेला पातळ पाक घालावा. बरणी गच्चीवर उन्हात ठेवून चहा मुरवण्याची पद्धत मात्र वापरू नये. उन्हात पाणी जंतू मरण्याइतके तापत नाही, वाढण्याइतके कोमट मात्र होते.

बर्फ घरीच पिण्याच्या पाण्याचा करावा. विकत आणणार असाल तर तो खाण्याचा असल्याची खात्री करून घ्यावी. अखाद्य बर्फ ओळखता यावा म्हणून त्यात निळसर रंग घालण्याचा नियम महाराष्ट्रात 2018 पासून लागू आहे. वाढताना पेल्यात आधी बर्फ, मग चहा आणि काठाला लिंबाची एक पातळ चकती, असा क्रम ठेवावा. तयार चहा फ्रिजमध्ये दोन दिवस राहतो, परंतु लिंबाचा वास दुसऱ्या दिवशी उतरू लागतो, म्हणून जास्त करायचा असल्यास गोड चहा बिनलिंबाचा ठेवून रस त्या त्या वेळी पिळावा. त्यातलाच थोडा चहा बर्फाच्या साच्यात ओतून गोठवला, तर पेला कितीही रेंगाळत प्यायला तरी पाणचट होत नाही.