ग्रॅच्युइटीतून वसुली निघाली तर

आयुष्यभर आस्थापना शाखेत दुसऱ्यांची पेन्शन प्रकरणं रंगवली आणि माझंच अडकलं. ३१ मे २०१७ ला वरिष्ठ लिपिक म्हणून निवृत्त झालो. जुलैत पत्र आलं, ग्रॅच्युइटीतून १,८४,००० रुपये वसूल. सहाव्या वेतन आयोगाची वेतननिश्चिती चुकली होती म्हणे. चूक कार्यालयाची, सही साहेबांची, पैसे माझे.

लगेच वकिलाकडे पळू नका. आधी सेवापुस्तकाची प्रत मिळवा. तोंडी मागाल तर 'टेबलवाले रजेवर आहेत' ऐकाल. दहा रुपये भरून माहिती अधिकारात अर्ज टाका, उत्तराला तीस दिवसांची मुदत असते. प्रत आली की वेतननिश्चितीचं पान नीट बघा. माझ्या पानावर वेतन पडताळणी पथकाचा आक्षेप होता, समासात, पेन्सिलीनं, दोन ओळी. मूळ नोंद कुणी घेतली, मी कुठे खोटी माहिती दिली का, हे त्याच पानावरून ठरलं.

आता कायदा. रफिक मसीह प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं डिसेंबर २०१४ मध्ये सांगितलं, की वर्ग तीन-चारच्या कर्मचाऱ्यांकडून, निवृत्तांकडून किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून अशी वसुली करता येत नाही. पाच वर्षांहून जास्त काळ जादा रक्कम दिली गेली असेल, तरीही नाही. पण वेतननिश्चितीच्या वेळी 'जादा निघाल्यास परत करीन' असं वचनपत्र दिलंय का, ते तपासा. २०१६ च्या जगदेव सिंग निकालात तेच आडवं आलं. मात्र ते गृहस्थ न्यायिक अधिकारी होते, आपल्यासारखे लिपिक नव्हेत. हा फरक वकिलाला आवर्जून सांगा.

मग कार्यालयप्रमुखांना निवेदन द्या. एकच, पण मुद्देसूद. आपल्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख आणि शिक्का घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका. मी स्वतः तीस वर्षं आवकवर लोकांना 'ठेवून जा' म्हणत आलो, म्हणून सांगतो. उत्तर आलं तर त्या तारखेपासून एक वर्षात महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये जायचं. उत्तर नाहीच आलं तर सहा महिने थांबायचं आणि पुढच्या एका वर्षात अर्ज करायचा. स्मरणपत्रं पाठवत बसल्यानं मुदत वाढत नाही. आमच्यातले दोघं याच भ्रमात राहिले.

मॅट मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरला आहे. जिल्हा परिषदेच्या शिक्षकांनी मात्र तिकडे जाऊ नये, त्यांना थेट उच्च न्यायालय.

वसुली नाही, ग्रॅच्युइटी किंवा पेन्शन मिळायला नुसता उशीर झाला असेल तर १९८२ च्या निवृत्तिवेतन नियमांतले १२९-अ आणि १२९-ब बघा. दिरंगाई प्रशासनाची असेल तर व्याज मागता येतं. तुमचाच कागद अपुरा असेल तर विसरा.

माझे पैसे परत आले. पेन्शन मात्र दुरुस्त वेतनावरच बसली, महिन्याला साडेचारशेच्या आसपास कमी. त्यावर मी भांडलो नाही. हिशेब स्वतः दोनदा मांडून पाहिला, त्यांचा बरोबर होता.