सिम्फनी ऑफ द नाइट: उलट्या किल्ल्यापर्यंत नेणाऱ्या आवश्यक वस्तू कशा मिळवाव्यात

‘कॅसलव्हेनिया: सिम्फनी ऑफ द नाइट’ हा कोनामीचा गेम 1997 साली प्लेस्टेशनवर आला. त्यात एक फसवा शेवट आहे. नायक अलुकार्ड किल्ल्याच्या माथ्यावरील सिंहासनगृहात पोहोचतो, तिथे रिख्टर बेलमॉन्ट या व्हॅम्पायर-शिकाऱ्याशी त्याची लढाई होते, रिख्टर मरतो आणि गेम संपतो. प्रत्यक्षात तेव्हा निम्माच गेम खेळून झालेला असतो, कारण या किल्ल्याच्या वर आकाशात दुसरा, उलटा टांगलेला किल्ला आहे आणि त्याची वाट काही ठरावीक वस्तूंवाचून उघडत नाही. नकाशा किती पाहून झाला हे दाखवणारी टक्केवारी पुढे 200.6 पर्यंत जाते. त्यामुळे शंभराच्या आतबाहेर शेवट पाहायला मिळाला, तर काहीतरी राहून गेले आहे असे खुशाल समजावे.

शोधाला निघण्यापूर्वी एक भेद लक्षात घेणे आवश्यक आहे. या गेममधील महत्त्वाच्या वस्तू दोन प्रकारच्या आहेत. पहिला प्रकार रेलिक्सचा: रेलिक मिळाले की त्याचा गुण अलुकार्डच्या अंगी येतो, फक्त मेनूमध्ये ते चालू असले पाहिजे, कारण तिथे प्रत्येक रेलिक बंद करण्याचीही सोय आहे. दुसरा प्रकार अंगावर चढवण्याच्या वस्तूंचा: चिलखत, अंगठी, चष्मा. या नुसत्या सामानात असून काहीही होत नाही. त्या घातल्याशिवाय दार उघडत नाही की भिंत हटत नाही. सगळे मिळवूनही खेळाडू अडकतो तेव्हा त्याची वस्तू बहुधा हरवलेली नसते, ती घालायची राहिलेली असते.

शोधण्याची पद्धत उलटी असावी, असे माझे मत आहे. आधी किल्ली शोधत फिरण्यापेक्षा आधी कुलुपे मोजावीत. निळे दार, अरुंद जाळी, उडी न पोहोचणारा कठडा, काट्यांनी भरलेला बोगदा यांपैकी काहीही दिसले की ते नकाशावर कोठे आहे हे कागदावर लिहून ठेवावे, कारण गेम स्वतः अशा जागांवर खूण करत नाही. नवे रेलिक हाती आले की कागद काढून त्या गुणाने कोणते कुलूप उघडेल ते पाहावे.

पहिली किल्ली विकत मिळते. बाहेरच्या तटाला, म्हणजे आउटर वॉलला, लागून लाँग लायब्ररी आहे आणि तिथला वृद्ध ग्रंथपाल दुकानदारही आहे. त्याच्याकडे 500 नाण्यांना ज्वेल ऑफ ओपन हे रेलिक मिळते आणि त्यानंतर निळी दारे आपोआप उघडू लागतात. त्यांपैकी एक दार मार्बल गॅलरीतून खाली अंडरग्राउंड कॅव्हर्न्सकडे उतरते, म्हणजे पुढच्या जवळजवळ सगळ्या शोधाची वाट त्या दारातून जाते. म्हणून सुरुवातीला हाती येणारी नाणी औषधांवर किंवा तलवारींवर उधळू नयेत.

दुसरे रेलिक लीप स्टोन. ते रॉयल चॅपलच्या वर असलेल्या कॅसल कीपमध्ये आहे आणि त्यामुळे हवेत असतानाच दुसऱ्यांदा उडी मारता येते. हे मिळाल्यावर आधी दुर्गम वाटलेल्या बऱ्याच जागा एकदम आवाक्यात येतात आणि कोलोझियमकडे मोर्चा वळवता येतो.

कोलोझियममध्ये मिनोटॉर आणि वेअरवुल्फ या जोडीला हरवल्यावर फॉर्म ऑफ मिस्ट मिळते. अलुकार्ड काही क्षण धुके होतो आणि जाळीतून आरपार जातो. धुक्याच्या रूपात जादूची शक्ती भराभर ओसरते, म्हणून जाळीला अगदी चिकटून उभे राहावे आणि मगच रूप बदलावे. अशाच एका जाळीपलीकडे, पुन्हा लाँग लायब्ररीत, सोल ऑफ बॅट ठेवलेले आहे. वटवाघूळ होऊन उडता येऊ लागले की उंचीचा प्रश्न कायमचा मिटतो. याला पूरक असलेले एको ऑफ बॅट ऑलरॉक्सच्या दालनांत मिळते. वटवाघळाच्या रूपात ध्वनी सोडून अंधारातील वाट क्षणभर उजळवणे एवढेच त्याचे काम असल्यामुळे ते हाती आल्यावर बिनमहत्त्वाचे वाटते, पण तसे समजून ते सोडून पुढे जाणे महागात पडते.

याचे कारण तळघरात, कॅटकोम्ब्समध्ये आहे. अंडरग्राउंड कॅव्हर्न्समधून अबँडन्ड माइन उतरून तिथे पोहोचता येते. तिथला एक बोगदा पूर्ण अंधारा असून त्याच्या भिंतींना काटे आहेत. वटवाघूळ व्हावे, ध्वनी सोडावा, उजळलेल्या क्षणात पुढचे वळण पाहून ठेवावे, थोडेसे उडावे आणि पुन्हा ध्वनी सोडावा. घाई करणारा इथे हमखास मरतो, म्हणून आत शिरण्यापूर्वी जवळच्या सेव्ह रूममध्ये, म्हणजे खेळाची प्रगती जतन करण्याच्या खोलीत, जाऊन यावे. बोगद्याच्या पलीकडे स्पाइक ब्रेकर हे चिलखत आहे. ते अंगावर असेपर्यंत काट्यांना स्पर्श झाला की काटेच फुटतात.

आता रॉयल चॅपलकडे परतावे. तिथे काट्यांनी गच्च भरलेली एक वाट आहे, जी चाणाक्ष खेळाडूने लीप स्टोनच्या वेळीच कागदावर नोंदवलेली असेल. चिलखत घालून सरळ चालत गेल्यास काटे मोडत जातात आणि टोकाला सिल्व्हर रिंग मिळते. संरक्षणाच्या दृष्टीने या चिलखतापेक्षा चांगले काही तुमच्याजवळ असले, तर ही वाट ओलांडल्यावर ते पुन्हा चढवावे.

दुसरी अंगठी, गोल्ड रिंग, अंडरग्राउंड कॅव्हर्न्समध्ये आहे आणि ती लपवण्याची युक्ती मला साऱ्या गेममध्ये सर्वांत सुरेख वाटते. तिथली एक खोली हुबेहूब सेव्ह रूमसारखी दिसते. खेळाडू निर्धास्तपणे सेव्ह करायला जातो आणि अलुकार्ड एका दुःस्वप्नात ओढला जातो, ज्यात त्याची आई लिसा हिला मृत्युदंड दिला जात असतो. तिचे सोंग घेतलेली सक्युबस त्याच्याशी बोलते, सोंग उघडे पडते आणि लढाई सुरू होते. ती जिंकली की अंगठी मिळते. ही खोली टाळायची नाही, मुद्दाम गाठायची आहे. म्हणून कॅव्हर्न्समधील प्रत्येक सेव्ह रूममध्ये प्रत्यक्ष जाऊन सेव्ह करून पाहावे.

दोन्ही अंगठ्यांचे वर्णन मेनूमध्ये वाचावे. प्रत्येकीवर वाक्याचे तुकडे कोरलेले आहेत आणि ते जोडले की घड्याळाच्या ठिकाणी त्या घालाव्यात असा अर्थ निघतो. इथे क्लॉक टॉवर नावाच्या भागाकडे धाव घेण्याचा मोह होतो, पण अभिप्रेत जागा मार्बल गॅलरीच्या मध्यभागी असलेली मोठ्या घड्याळाची खोली आहे. अलंकारांसाठी अलुकार्डकडे दोन जागा आहेत. दोन्ही जागी एकेक अंगठी घालून तिथे उभे राहिल्यावर जमीन दुभंगते. खाली रिख्टरच्या शोधात आलेली मरिया रेनार्ड भेटते आणि होली ग्लासेस देते.

हा चष्मा डोक्यावरच्या शिरस्त्राणाच्या जागी घालायचा असतो. तो घालून कॅसल कीपमधील सिंहासनगृहात रिख्टरसमोर गेल्यास त्याच्याभोवती तरंगणारा हिरवा गोळा दिसतो. रिख्टरला वश करणारी शक्ती त्या गोळ्यात आहे, म्हणून सर्व प्रहार गोळ्यावर करावेत आणि रिख्टरला शक्यतो लागू देऊ नयेत. तो मेला तर चष्मा असूनही फसवा शेवटच पदरी पडेल. रुंद फिरणारे किंवा खोलीभर पसरणारे शस्त्र या लढाईत अडचणीचे ठरते. लहान पल्ल्याची तलवार घ्यावी आणि उडी मारून गोळ्याला गाठावे. गोळा फुटला की शाफ्ट हा खरा सूत्रधार प्रकट होतो आणि उलटा किल्ला खुला होतो.

तिथे पाच रेलिक्स गोळा करायची आहेत आणि प्रत्येकावर एकेका बॉसचा, म्हणजे बड्या शत्रूचा, पहारा आहे. अँटी-चॅपलमध्ये मेडुसाकडे हार्ट ऑफ व्लाड, रिव्हर्स आउटर वॉलमध्ये क्रीचरकडे टूथ, डेथ विंग्ज लेअरमध्ये आकमोडान दुसरा याच्याकडे रिब, रिव्हर्स क्लॉक टॉवरमध्ये डार्कविंग बॅटकडे रिंग आणि केव्हमध्ये डेथकडे आय, अशी त्यांची वाटणी आहे. क्रम कोणताही चालतो. नकाशा पहिल्या किल्ल्याचाच उलटा असल्यामुळे वाट चुकल्यास मूळ भाग आठवून तो मनात डोक्यावर उभा करावा; शिवाय एका ठिकाणाहून थेट दुसऱ्या ठिकाणी नेणाऱ्या वार्प रूम्समुळे बरीच पायपीट वाचते.

खजिना आणि किल्ली यांत गल्लत मात्र करू नये. गेमच्या आरंभी डेथ अलुकार्डची जी शस्त्रे आणि चिलखत काढून घेतो, ती परत मिळवण्याचा आनंद वेगळा असला तरी पुढे सरकण्यासाठी त्यांची गरज नाही. फ्लोटिंग कॅटकोम्ब्समधील गॅलामॉथ हा तर शेवटच्या शत्रूपेक्षाही अनेकांना जड जातो आणि त्याच्याकडे या पाचांपैकी एकही रेलिक नाही. त्याच्यापाशी अडकून बसलेल्या खेळाडूने त्याला तसेच सोडून निघावे.

पाचही रेलिक्स जवळ आल्यावर ब्लॅक मार्बल गॅलरीतील उलट्या घड्याळाच्या खोलीत जावे. वाट उघडली नाही, तर मेनू उघडून व्लाडची पाचही रेलिक्स तिथे आहेत ना आणि ती चालू आहेत ना हे तपासावे. वाट उघडली की आत आधी शाफ्ट आणि त्याच्यानंतर ड्रॅक्युला उभा आहे, तेव्हा आत पाऊल टाकण्यापूर्वी एकदा सेव्ह करून यावे.