गेम उडवण्याआधी थांबा: इन्स्टॉल झालेल्या फाइल्सच्या बाबतीत या चुका टाळा

लॅपटॉप-पीसीवरचा गेम अडला की सल्ला ठरलेला: ‘डिलीट मार आणि परत टाक.’ व्हिडिओत हे सांगणाऱ्याच्या घरी फायबर असतं. देवगडकडच्या एखाद्या वाडीत रोजच्या २ जीबी डेटावर ९० जीबीचा गेम परत उतरवायचा म्हटला तर दीड महिना गेला, आणि तेवढे दिवस घरात कुणी एक रीलसुद्धा बघायची नाही. आपल्याकडे हा उपाय अगदी शेवटचा. त्याआधी करण्यासारखं बरंच असतं, आणि त्यातल्या बहुतेक गोष्टींना डेटा लागत नाही.

आधी कुठे काय असतं ते बघू. गेम एका फोल्डरमध्ये मावलेला नसतो. स्टीम म्हणजे गेम विकत घ्यायचं आणि चालवायचं ॲप, असल्या ॲपला लाँचर म्हणतात. त्यावरच्या गेमचा मुख्य माल ‘स्टीमॲप्स’च्या आत ‘कॉमन’ फोल्डरमध्ये असतो. तो शंभर जीबीचा असला तरी गेला तर परत मिळतो. तुम्ही खेळून कमावलेली प्रगती, म्हणजे सेव्ह, बहुतेक वेळा तिथे नसतेच. ती डॉक्युमेंट्समधल्या ‘माय गेम्स’मध्ये, ‘सेव्ह्ड गेम्स’मध्ये किंवा ‘ॲपडेटा’ या लपवलेल्या फोल्डरच्या लोकल, लोकललो, रोमिंग यांपैकी कुठेतरी बसलेली असते. माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीतली जगं रोमिंगमध्ये असतात, युनिटीवर बनलेल्या बऱ्याच गेमचे सेव्ह लोकललोमध्ये. ‘ॲपडेटा’ दिसत नसेल तर फाइल एक्सप्लोररच्या ‘व्ह्यू’मध्ये जाऊन ‘हिडन आयटम्स’वर टिक करा. हा सगळा ऐवज बहुधा काही एमबींचाच असतो, जुन्या पेन ड्राइव्हवरही मावतो. तरी त्याची कॉपी ठेवणारा माणूस क्वचितच भेटतो.

तिसरा प्रकार कॅशचा, म्हणजे गेमने वेग यावा म्हणून साठवलेल्या तात्पुरत्या फाइल्सचा. त्यातली शेडर कॅश (चित्रं दाखवण्याची तयारी) उडवली तर पहिल्यांदा चालू करताना गेम थोडा अडखळतो, बाकी काही बिघडत नाही.

सी ड्राइव्ह लाल झाला म्हणून फोल्डरच उडवणं

ही चूक सर्रास होते. ड्राइव्हची पट्टी लाल झाली की माणूस ‘कॉमन’मध्ये शिरतो, सगळ्यात मोठा फोल्डर शोधतो आणि शिफ्ट-डिलीट मारतो. जागा मोकळी होते, पण स्टीमला त्याचा पत्ता नसतो. प्रत्येक गेमची नोंद ‘स्टीमॲप्स’मध्ये एका छोट्या एसीएफ फाइलमध्ये असते, ती तशीच राहते. मग स्टीमच्या लेखी गेम अजून आहे, ‘प्ले’ दाबलं की एरर. कधी अपडेटच्या निमित्ताने तो आख्खा गेम गुपचूप परत उतरवायला लागतो, आणि दिवसाचा डेटा सकाळी नऊलाच संपतो.

काढायचाच असेल तर लाँचरमधूनच अनइन्स्टॉल करा. पण दुसरा ड्राइव्ह असेल तर काढता कशाला? गेमवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, ‘इन्स्टॉल्ड फाइल्स’, आणि तिथलं ‘मूव्ह’चं बटण. नोंदीसकट सगळं हलतं, एक एमबीही खर्च होत नाही. जागा नेमकी कोण खातंय हे बघायला विझट्री नावाचं छोटं सॉफ्टवेअर चांगलं, मिनिटभरात सांगतं. फक्त त्यात दिसेल ते उडवत सुटू नका. ‘कॉमन रिडिस्ट’ नावाचे फोल्डर फालतू वाटतात, पण गेम चालायला लागणाऱ्या डायरेक्टएक्स आणि व्हिज्युअल सी प्लस प्लसचे इन्स्टॉलर तिथेच असतात.

आणखी एक. ड्राइव्ह काठोकाठ भरू नका. काही गेम सगळा माल एकाच अवाढव्य फाइलमध्ये कोंबतात. अपडेट ३ जीबीचा असला तरी ती फाइल नव्याने लिहावी लागते, आणि तेवढी जागा तात्पुरती मोकळी हवी असते. ‘डिस्क राइट एरर’ आला की माझी पहिली शंका इथेच जाते.

‘काका, सगळा गेला माझा!’

पावसाळ्यात शेजारचा मुलगा लॅपटॉप घेऊन आला तो हे ओरडतच. गेम उघडत होता, पण ‘कंटिन्यू’ गायब, नुसतं ‘न्यू गेम’. डॉक्युमेंट्स उघडून वरचा पत्ता बघितला तर मध्ये ‘वनड्राइव्ह’ हा शब्द. सेव्हच्या फाइल्सपुढे छोटा निळा ढग. सकाळपासून नेट गेलेलं. विंडोजने डॉक्युमेंट्स फोल्डर वनड्राइव्हमध्ये, म्हणजे मायक्रोसॉफ्टच्या नेटवरच्या साठवणीत, नेला होता आणि जागा वाचवायला त्या फाइल्स फक्त क्लाउडवर ठेवल्या होत्या. लॅपटॉपवर नावापुरत्या, आतून रिकाम्या. संध्याकाळी नेट आलं आणि सगळं जागच्या जागी सापडलं.

तुमच्याकडे असा ढग दिसला तर नेट चालू असतानाच त्या फोल्डरवर राइट क्लिक करून ‘ऑलवेज कीप ऑन धिस डिव्हाइस’ निवडा. हिरवी टिक आली की झालं. वनड्राइव्हची फुकट जागा ५ जीबीच असते. ती घरातल्या लग्नाच्या फोटोंनी भरली की तुमचे नवे सेव्ह वर जाणं बंद होतं, हेही लक्षात असू द्या.

सेव्ह दिसत नाही म्हणून घाबरून ‘न्यू गेम’ दाबणं सगळ्यात वाईट. ऑटोसेव्ह सुरू होतो आणि जुन्यावर नवं चढायची भीती. स्टीम क्लाउडवर, म्हणजे स्टीमच्या नेटवरच्या साठवणीत, सेव्ह ठेवणारेही इथेच फसतात. नेट आलं की स्टीम विचारतो, क्लाउडवरचा सेव्ह ठेवू की या लॅपटॉपवरचा? घाईत काहीतरी दाबू नका, दोन्हींपुढची तारीख-वेळ वाचा. आणि क्लाउडची सोय प्रत्येक गेमला नसते.

गणपतीत आलेला गेम

चाकरमानी भाऊ मुंबईहून येताना गेम घेऊन येतो, ही आपल्याकडची खरी डाउनलोड सेवा. पण पेन ड्राइव्हवर ५० जीबी मोकळे दिसत असताना विंडोज म्हणतं, फाइल मोठी आहे. ड्राइव्ह फॅट३२ या जुन्या पद्धतीने फॉरमॅट केलेला असतो, आणि फॅट३२वर ४ जीबीहून मोठी फाइल बसत नाही. एक्सफॅटमध्ये फॉरमॅट मारा, त्याआधी त्यातले आरतीचे व्हिडिओ मात्र बाजूला काढा.

गेम तुमच्या खात्यात असेल तर भावाच्या ‘कॉमन’मधला त्या गेमचा फोल्डर नावासकट तुमच्या ‘कॉमन’मध्ये टाका आणि स्टीममध्ये ‘इन्स्टॉल’ दाबा. तो असलेल्या फाइल्स तपासतो आणि कमी पडेल तेवढंच उतरवतो. एपिक या दुसऱ्या लाँचरचं थोडं तिरपागडं आहे: इन्स्टॉल सुरू करा, एक-दोन टक्के झाले की थांबवून लाँचर बंद करा, फोल्डर वरून टाका, मग पुढे चालू करा. दोन्ही लॅपटॉप एकाच राउटरवर असतील तर स्टीममध्ये २०२३ पासून घरच्या नेटवर्कवरून थेट गेम पाठवायची सोय आहे. त्याला नेटचा डेटा जवळजवळ लागतच नाही.

लाइट गेली तेव्हा अपडेट चालू होता

लॅपटॉप बॅटरीवर तगला आणि नुसता राउटर बंद पडला तर काळजी नको, डाउनलोड अडलं तिथून पुढे सुरू होतं. यूपीएस नसलेल्या डेस्कटॉपचं तसं नाही, फाइल अर्धवट लिहिलेली राहते. तेव्हा ‘इन्स्टॉल्ड फाइल्स’मध्येच असलेलं ‘व्हेरिफाय’ चालवा. ते तुमच्याच डिस्कवरच्या फाइल्स वाचतं आणि खराब झालेल्या तेवढ्याच परत मागवतं. जुन्या हार्ड डिस्कवर वेळ खातं, खाऊ दे. मॉड, म्हणजे खेळाडूंनी बनवलेले बदल, टाकले असतील तर बदललेल्या फाइल्स मूळ रूपात जातील, त्यांची कॉपी आधी काढा.

दर वेळी तीच फाइल गायब होत असेल तर ‘विंडोज सिक्युरिटी’मधली ‘प्रोटेक्शन हिस्टरी’ बघा, अँटीव्हायरसने ती उचलून कोपऱ्यात ठेवलेली असू शकते. खात्रीने विकत घेतलेला गेम असेल तर परत आणा. क्रॅकवाल्यांची, म्हणजे चोरीचे गेम वाटणाऱ्यांची, ‘आधी अँटीव्हायरस बंद करा’ ही सूचना पाळून लॅपटॉप घालवणाऱ्यांबद्दल मला सहानुभूती वाटेनाशी झाली आहे.

व्हेरिफाय नीट झालं, तरी गेम उघडताच बंद पडतो? मग सेटिंगची फाइल शोधा, बहुधा सेव्हच्याच आसपास, ‘कॉन्फिग’ किंवा ‘सेटिंग्ज’ अशा नावाची. ती उडवू नका, नाव बदला. बहुतेक गेम स्वतःच नवी बनवतात. हेही जमलं नाही तर अनइन्स्टॉल करा, सेव्हची कॉपी हातात ठेवून. काही गेम जाता जाता विचारतात, सेव्ह डेटाही काढू का? तिथे ‘नो’ दाबा.