बुटातली बोटं हलव

सूर्यकिरणमध्ये, म्हणजे हवाई दलाच्या हवाई कसरती करणाऱ्या चमूत, जायचं तर बारावीनंतर काय करायचं, असं गावाकडची मुलं विचारतात. आधीच सांगतो, मी त्या चमूत कधी नव्हतो. पण हॉक या प्रशिक्षण विमानावर शिकलो ते बीदरला, आणि सूर्यकिरणचा तळही तिथेच. आमची सॉर्टी (उड्डाणाची फेरी) नसली की मान दुखेपर्यंत त्यांचा सराव बघायचो.

थेट भरती नसते. बारावीला गणित-भौतिकशास्त्र, मग एनडीए म्हणजे राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनी (2022 पासून मुलींनाही खुली) किंवा पदवीनंतर एएफकॅट ही हवाई दलाची प्रवेश परीक्षा, एसएसबी म्हणजे निवड मंडळाच्या मुलाखती, दुंडिगलची हवाई दल अकादमी, फायटर शाखा, स्क्वाड्रनमधली काही वर्षं आणि त्यानंतर निवड. वैमानिकांसाठीची संगणकावरची चाचणी आयुष्यात एकदाच देता येते, ती हसण्यावारी नेऊ नका. नशीबही लागतं म्हणा. 1996 साली किरण विमानांवर सुरू झालेला हा चमू 2011 मध्ये थांबला आणि 2015 मध्ये हॉकवर पुन्हा उभा राहिला. मधल्या काळात ज्यांची वेळ आली, त्यांचं राहूनच गेलं.

आता फॉर्मेशनचं, म्हणजे एकमेकांना लागून एकत्र उडण्याचं. लीडरच्या विमानावरच्या ठरलेल्या दोन खुणा एका रेषेत दिसल्या की तुम्ही जागेवर. पहिल्याच दिवशी मी मागे पडलो. थ्रॉटल (इंजिनाचा जोर कमीजास्त करणारा दांडा) नखभर द्यायचा तिथे बोटभर दिला, विमान पुढे धावलं. घाबरून ओढला, पुन्हा मागे. नुसता झोपाळा! विमान वळवायची स्टिक इतकी आवळलेली की ग्लोव्ह घामाने चिंब. मागच्या सीटवरून सर म्हणाले, “बुटातली बोटं हलव.” चेष्टाच वाटली. पण हलवली, आणि मूठ आपोआप सैल पडली.

वळताना बाहेरच्या विमानाला जास्त अंतर कापावं लागतं. लेझीमची रांग वळताना टोकाचा गडी पळतो, तसंच. क्षितिज शोधायचं नाही, जमीन कुठे आहे ते लीडर बघतो. सूर्यकिरणची नऊ विमानं हे पाच मीटरहून कमी अंतरावर करतात.

घरचे धोक्याचं विचारतील. खोटं सांगू नका. फेब्रुवारी 2019 मध्ये बेंगळुरूजवळ येलहंकाला सरावात त्यांचीच दोन हॉक धडकली, एक वैमानिक गेला.

उतरल्यावर डीब्रीफ, म्हणजे झालेल्या उड्डाणाची चर्चा, बऱ्याचदा सॉर्टीपेक्षा लांब. तिथे आपली चूक आपणच आधी सांगायची. माझं पहिलं वाक्य कितीतरी दिवस एकच होतं, “सर, थ्रॉटल जास्त झाला.”