जीएसटी नंबर हरवला? पॅनवरून असा शोधा

जळगावची दालमिल असो की नंदुरबारची मिरचीची पेढी, जीएसटी नंबर सापडत नाही म्हणून नवी नोंदणी करायला जाऊ नका. नंबर तुमच्या पॅनमधूनच तयार झालेला असतो. पॅन हाताशी असेल तर तो लगेच आणि फुकट मिळतो. नवा काढला तरी जुना चालूच राहतो, त्याची रिटर्न थकतात आणि थ्रीबी (जीएसटीचं नेहमीचं रिटर्न) उशिरा भरलं तर दिवसाला ५० रुपये, निरंक असेल तर २० रुपये लेट फी चढत जाते.

जीएसटी पोर्टल उघडा. लॉगिनची गरज नाही. वरच्या पट्टीत ‘सर्च टॅक्सपेयर’ आहे, त्यात ‘सर्च बाय पॅन’. पॅन आणि कॅप्चा भरला की त्या पॅनवर देशभरात घेतलेले सगळे नंबर राज्यासह दिसतात. सीमेवरच्या व्यापाऱ्यांनी इथे नीट बघावं. नवापूरच्या माणसाचं गुजरातेत गोदाम असेल किंवा रावेरवाल्याचं बऱ्हाणपूरला दुकान, तर २४ (गुजरात) किंवा २३ (मध्य प्रदेश) ने सुरू होणारा नंबरही यादीत येतो. खानदेशातून होणाऱ्या विक्रीच्या बिलावर २७चाच, म्हणजे महाराष्ट्राचाच हवा.

पॅनही हरवलं असेल तर जुन्या आयकर रिटर्नची पावती किंवा टीडीएसचं प्रमाणपत्र काढा. एकट्याचा धंदा असेल तर मालकाचं स्वतःचं पॅन लागतं. भागीदारीत फर्मचं, भागीदाराचं नव्हे. फर्मच्या पॅनचं चौथं अक्षर एफ असतं, व्यक्तीच्या पॅनचं पी.

घाऊक व्यापाऱ्याकडून आलेल्या पक्क्या बिलावर किंवा ई-वे बिलावरही तुमचा नंबर असतो. मात्र हाताने लिहिलेल्या बिलात शून्य आणि ओ यांची गल्लत होते. जागेवरून ती सुटते: एकूण १५ अक्षरं, पहिले २ आकडे राज्याचे, पुढची १० पॅनची. त्यामुळे ३ ते ७ या जागांवर अक्षरंच, ८ ते ११ वर आकडेच आणि १२ व्या जागी पुन्हा अक्षर. चौदावं बहुतेक वेळा झेड असतं. जुन्या पाटीवरचा २७ने सुरू होऊन व्हीने संपणारा नंबर व्हॅटचा आहे, जीएसटीचा नाही. पीने संपणारा व्यवसायकराचा.

खरी अडचण पुढे येते. नंबर मिळतो, पण लॉगिन कुणाच्या मोबाइलवर आहे हेच माहीत नसतं. नोंदणी करून देणाऱ्याने स्वतःचा मोबाइल आणि ईमेल टाकलेला असतो, आणि ‘फरगॉट युजरनेम’चा ओटीपी त्याच्याकडे जातो. तो ओटीपी द्यायला तयार असेल तर लगेच आत जा आणि नोंदणीतल्या ‘नॉन-कोअर’ (किरकोळ तपशिलांच्या) दुरुस्तीतून स्वतःचा मोबाइल, ईमेल टाका. हे काम उद्यावर ढकलू नका. धंद्याची किल्ली परक्याच्या खिशात राहते.

तो भेटतच नसेल तर सर्च टॅक्सपेयरमध्ये आपल्या नंबरवर क्लिक करा. खाली राज्य आणि केंद्र, दोन्हींचं अधिकारक्षेत्र दिसतं. ज्या कार्यालयाकडे तुमची नोंदणी आहे तिथेच जायचं. सोबत ओळखीचा पुरावा, धंद्याचे कागद आणि नवा मोबाइल-ईमेल लिहिलेला अर्ज न्या. तुमचं नाव नोंदणीत मालक, भागीदार किंवा ऑथोराइज्ड सिग्नेटरी (सहीचा अधिकार असलेली व्यक्ती) म्हणून आहे का, हे अधिकारी तपासतात. नसेल तर काम होत नाही, म्हणून दुकान सांभाळणाऱ्या मुलाला किंवा मुनीमाला एकट्याला पाठवू नका. बदल झाला की नव्या ईमेलवर युजरनेम आणि तात्पुरता पासवर्ड येतो. तो ‘फर्स्ट टाइम लॉगिन’मध्ये वापरायचा. अडलं तर हेल्पडेस्क १८००-१०३-४७८६.

नंबरासमोर ‘कॅन्सल्ड’ दिसलं तर त्यावर बिल फाडणं ताबडतोब थांबवा. खात्याने रद्द केला असेल तर आदेश मिळाल्यापासून ९० दिवसांत, थकलेली रिटर्न भरून, तो पुन्हा चालू करण्याचा अर्ज करता येतो. मालक वारले असतील तर वारसाने त्यांचा नंबर वापरायचा नाही. धंदा पुढे चालवायचा असेल तर स्वतःच्या पॅनवर नवी नोंदणी घ्यावी लागते.

लॉगिन मिळालं की ‘सर्व्हिसेस’मधून ‘युजर सर्व्हिसेस’, तिथून प्रमाणपत्र डाउनलोड करा. ते दुकानात दिसेल असं लावणं आणि दारावरच्या पाटीवर नंबर लिहिणं नियमाने बंधनकारक आहे. एमआयडीसीत वेगळं गोदाम असेल तर प्रमाणपत्राच्या जोडपत्रात त्याचा पत्ता आहे का बघा, आणि एक प्रत तिथेही लावा.